मदत हवी आहे: गाडीच्या उजव्या दाराचा वूफर (खालच्या सुरांचा स्पीकर) आणि सब (सबवूफर, सर्वांत खालच्या सुरांचा स्पीकर) एकत्र वाजले की ८० हर्ट्झला आवाजात खड्डा

हॅचबॅक गाडी, स्टिअरिंग उजवीकडे. दारांत साडेसहा इंची वूफर, ए-पिलरवर (पुढच्या काचेलगतच्या खांबावर) ट्वीटर, म्हणजे वरच्या सुरांचे स्पीकर, डिकीत सीलबंद खोक्यात १० इंची सब. डीएसपीवर (आवाजावर डिजिटल प्रक्रिया करणारं यंत्र) सगळे चॅनल वेगळे. सब आणि वूफर यांच्यातला क्रॉसओव्हर (सूर वाटून देणारा फिल्टर) ८० हर्ट्झ, लिंकविट्झ-रायली प्रकारचा, दर सप्तकाला २४ डीबी उतार.

कानापासूनची अंतरं: उजवा वूफर ९२ सेमी, डावा १३८, सब १९०. सगळ्यांचा आवाज कानाशी एकाच वेळी पोहोचावा म्हणून त्यावरून डिले (मुद्दाम दिलेला उशीर) उजव्याला २.८६ मिलिसेकंद, डाव्याला १.५२, सबला शून्य.

सब आणि डावा वूफर छान जुळतात. पण सब आणि उजवा एकत्र लावले की ७५ ते ८५ हर्ट्झमध्ये ९ डीबीचा खड्डा पडतो. तबल्याच्या डग्ग्याची घुमारी तिथेच मरते. दोन्ही एकेकटे वाजवले तर आलेख सरळ, म्हणजे हे फेजचंच (दोन लहरींचे चढउतार एकमेकांशी न जुळण्याचं) दुखणं.

इक्यूने (इक्वलायझरने) तिथला आवाज ६ डीबी चढवून पाहिला, फरक शून्य. दोन लहरी एकमेकींना खात असताना दुसरं काय होणार? सबची पोलॅरिटी (अधिक-उणे जोडणी) उलटली तर डावी बाजू बिघडते. सबचा डिले वाढवला तरी तेच. दारं डॅम्प केलेली (कंपन शोषणारा थर लावलेली) आहेत, सब हलवता येत नाही. मोजमाप आरईडब्ल्यू या ध्वनिमापन सॉफ्टवेअरवर, यूएसबी माइकने, अकूस्टिक टायमिंग रेफरन्स (वेळ मोजायचा संदर्भ आवाज) डाव्या ट्वीटरचा.

आता ऑल-पास फिल्टर (आवाजाची पातळी न बदलता फक्त फेज फिरवणारा) फक्त उजव्या वूफरवर लावायचा विचार आहे. तो पहिल्या ऑर्डरचा घ्यावा की दुसऱ्या, कितीच्या क्यूने (फेज किती अरुंद पट्ट्यात फिरते ते ठरवणारा आकडा)? आणि त्याने १०० ते २०० हर्ट्झमध्ये डाव्या-उजव्या वूफरचा मेळ बिघडणार नाही ना?