दहावीच्या निरोप समारंभात बोलायले बलावलं, काय बोलू?

ऑनलाईनवाला_दारव्हा
राम राम मंडळी. मी दारव्हा तालुक्यातला, गावात ऑनलाईन सेंटर चालवतो, सातबारा, पीकविमा, शिष्यवृत्ती, झेरॉक्स जे येईल ते. आमच्या गावात शाळा दहावीपर्यंतच आहे, पुढच्या आठवड्यात दहावीच्या पोरांचा निरोप समारंभ आहे अन् हेडसरांनी मले माजी विद्यार्थी म्हणून 'प्रेरणादायी दोन शब्द' बोल म्हणून सांगतलं. आता मी काही कलेक्टर झालो नाई, इंजिनिअरही नाई. मोबाईलवर भाषणं शोधली तं सगळीकडे तेच, आकाशाला गवसणी, पंखात बळ, यशाचं शिखर. हे मी बोललो तं मागच्या बेंचवरचे पोट्टे हसतीन, त्यातले अर्धे रोज माह्या दुकानावर येतात. पाच-सात मिनिटं बोलायचं आहे. कोणी बोललं असन कुठी तं सांगा राजेहो, काय बोलाव?

वऱ्हाडी_ठेचा
सात मिनिटं कायले? तीन मिनिटात उरक. निरोप समारंभात आधी सरपंच बोलते, मंग शाळा समितीचे अध्यक्ष, मंग केंद्रप्रमुख, अन् तुह्या नंबर येईपर्यंत पोट्ट्यायचं ध्यान आलुबोंड्याकडे गेलेलं असते 😂 उभा राहा, परीक्षेले वेळेवर जा म्हण, खाली बस. लोकं नाव काढतीन तुह्यं.

पापळ_कडचा
ठेचा भाऊ मस्करी सोडा. दारव्हावाले दादा, तुम्ही भाऊसाहेबांचं उदाहरण द्या न. पंजाबराव देशमुख, 1898 चा जन्म, अमरावती जिल्ह्यातल्या पापळचे, शेतकऱ्याच्या घरचे. विलायतेत जाऊन बॅरिस्टर झाले, डॉक्टरेट केली अन् तिकडंच न राहता परत येऊन 1927 मध्ये अमरावतीत श्रद्धानंद छात्रालय काढलं, जिथं सगळ्या जातीची पोरं एकत्र राहत. त्यांच्या शिवाजी शिक्षण संस्थेच्या शाळा-कॉलेजात शिकलेले आपल्या भागात घरोघरी सापडतीन. पुढं केंद्रात कृषिमंत्री होते 1952 ते 62. आपल्याच मातीतला माणूस आहे, बाहेरचं उदाहरण कायले पाहिजे? गाडगेबाबा पण आहेत, स्वतः शाळेत गेले नाही अन् आज अमरावतीच्या विद्यापीठाले त्यांचं नाव आहे.

गणिताच्या_मॅडम
मी वाशिमकडे माध्यमिक शाळेत शिकवते, असे समारंभ दरवर्षी बघते म्हणून थोडं सविस्तर लिहिते.

पापळकडच्या भाऊंची उदाहरणं चांगलीच आहेत, पण खरं सांगू का, गाडगेबाबांची पुण्यतिथी 20 डिसेंबरला, जयंती 23 फेब्रुवारीला, म्हणजे निरोप समारंभाच्या आजूबाजूलाच, मुलांनी तेच भाषण त्याच महिन्यात ऐकलेलं असतं, कित्येकांनी स्वतः पाठ करून म्हटलेलं असतं. भाऊसाहेबांचं सांगायचंच तर मंत्रिपदाचं नका सांगू, वसतिगृहाचं सांगा. बाहेरगावी राहायची सोय हीच आमच्या मुलांची आजही पहिली अडचण आहे. गावात दहावी संपली की शाळाच संपते, मुलगा कसाबसा एसटीने जातो पण मुलीचं काय? मुलींना एसटीचा पास बारावीपर्यंत फुकट आहे, पण संध्याकाळची गाडी नाही आली तर ती स्टँडवर उभी, आणि असं दोनदा झालं की घरचे म्हणतात बस झालं शिक्षण.

दुसरं, आणि हे जास्त महत्त्वाचं वाटतं मला. वर्गात एखाद-दोन मुलं अशी असतात ज्यांचे वडील गेले आहेत, आणि कसे गेले ते सगळ्या गावाला माहीत असतं. पाहुणे लोक स्टेजवरून त्यांचं नाव घेऊन 'बघा, एवढं दुःख असून हा शिकतोय' असं म्हणतात. कृपा करून हे करू नका. ते पोर मान खाली घालून बसतं आणि नंतर कितीतरी दिवस शाळेत कोणाशी बोलत नाही. मी पाहिलं आहे.

संत्र्याची_कळी
मॅडम एकदम बरोबर. मी सध्या अकोल्याला ॲग्रीला आहे सेकंड इयर, वरुड साईडची. आमच्या निरोपाला जे पाहुणे होते त्यांनी काय सांगितलं ते मला एक वाक्य पण आठवत नाही, फक्त शेवटी एक ताई उठल्या त्या नर्सिंग करत होत्या, त्यांनी सांगितलं की होस्टेलचा फॉर्म वेगळा भरावा लागतो ॲडमिशनसोबत आपोआप होत नाही, आणि समाजकल्याणच्या होस्टेलला नंबर नाही लागला तर एससीच्या मुलांना स्वाधार योजना आहे, एसटीच्यांना बारावीनंतर स्वयम योजना आहे, खोली करून राहायला पैसे मिळतात. माझ्या दोन मैत्रिणी फक्त तेवढं ऐकून पुढं शिकल्या. आणि मुलींना हे नक्की सांगा दादा की 2024 पासून व्यावसायिक कोर्सची शिक्षण आणि परीक्षा फी माफ आहे, कॅपमधून म्हणजे सरकारच्या केंद्रीय प्रवेश फेरीतून ॲडमिशन पाहिजे आणि घरचं उत्पन्न 8 लाखाच्या आत. आमच्याकडे अजून लोक म्हणतात पोरीच्या शिक्षणाला पैसा लागते म्हणून, त्यांना माहीतच नाही.

पांदण_रस्ता
सगळे पास होणाऱ्यायचंच बोलून ऱ्हायले बाप्पा. जे लटकतीन त्याईचं काय? मी गणितात गेलतो. निकालाच्या दिवशी घरी सांगाव कसं म्हणून रात्रीपर्यंत वावरातच बसलो होतो, मायनं कंदील घेऊन हुडकलं. कोणी आधी सांगतलं असतं तं बरं झालं असतं की एक-दोन विषय गेले तं एटीकेटीवर अकरावीत बसता येते, जून-जुलैत पुरवणी परीक्षा असते, अन् आयटीआयचे काही ट्रेड तं नापासवाल्यायलेही घेतात. मी वेल्डर केला. आज ट्रॉल्या बनवतो, दोन पोरं हाताखाली आहेत. भाऊ तू हे परीक्षेच्या आधी बोल, निकालानंतर त्या पोराले कोणी स्टेजवर बलावत नाई अन् ऐकायलेही तो येत नाई.

गणिताच्या_मॅडम
पांदण रस्ता भाऊ 🙏 हे तर दरवर्षी प्रत्येक शाळेत बोललं पाहिजे. शिक्षक बोलत नाहीत कारण निकालाच्या टक्केवारीचं टेन्शन असतं, मुलं हातपाय गाळतील असं वाटतं.

आणि दारव्हावाले दादा, तुम्ही म्हणता मी कोणी मोठा झालो नाही. अहो जूनमध्ये हीच मुलं तुमच्याच काउंटरवर येणार आहेत ना? कोणाचं काय अडतं ते तुमच्याएवढं हेडसरांनाही माहीत नसेल. तेच बोला.

ऑनलाईनवाला_दारव्हा
मॅडम हे तं डोक्यातच नव्हतं आलं माह्या. अडते तं लय काही. टीसीवर नाव एक, आधारवर दुसरं, बापाच्या नावात काना-मात्रा वेगळा, अन् हे समजते कधी तं ॲडमिशनच्या शेवटच्या दिवशी. शाळेतून नाव निघायच्या आधी दुरुस्ती सोपी आहे, मंग चकरा मारत बसा. 15 वर्षं झाले की आधारले बोटाचे ठसे परत द्या लागतात ते कोणी देत नाई, मंग ओटीपी येते तं अंगठा लागत नाई. उत्पन्नाचा दाखला, नॉन-क्रिमीलेअर, डोमिसाईल सगळ्यायले जूनमध्येच पाहिजे, तवा तहसीलचं सर्व्हर मरते. अन् 2025 पासून अकरावीची ॲडमिशन पूर्ण महाराष्ट्रात ऑनलाईन झाली, तं पोरं फॉर्मवर नंबर माह्या देतात, पासवर्डही मलेच माहीत, कॉलेजचा पसंतीक्रमही म्हणतात दादा तूच टाक. अरे तुले कुठी शिकायचं ते मी काहून ठरवू?

हे बोललो तं प्रेरणादायी होईन का पण? हेडसर म्हणतीन तुले भाषण द्यायले बलावलं का दुकानाची जाहिरात कराले.

संत्र्याची_कळी
'तुले कुठी शिकायचं ते मी काहून ठरवू' हेच म्हणा दादा, असंच, वऱ्हाडीतच. शुद्ध बोलायला जाऊ नका.

पापळ_कडचा
पटलं आपल्याले. पण भाऊसाहेबांचं छात्रालय एका मिनिटात येऊ द्याच, होस्टेलच्या मुद्द्यावर बसते बरोबर.

ऑनलाईनवाला_दारव्हा
येऊ देतो. पांदणवाल्या भाऊचं पण सांगतो, नाव न घेता. अन् हेडसरांशी आत्ताच फोनवर बोललो, ते म्हणे कार्यक्रम झाल्यावर लॅपटॉप घेऊन वर्गातच बस, ज्याले त्याले आपलं आधार अन् शाळेच्या रजिस्टरातलं नाव जुळवून पाहू दे.

वऱ्हाडी_ठेचा
फुकट का पैसे घेशीन?

ऑनलाईनवाला_दारव्हा
पाहणं फुकट. झेरॉक्सचे घेईन बाप्पा, कागद मले फुकट भेटत नाई. आलुबोंडा मात्र शाळेकडून आहे, ये तू पण.