‘फुकिकाए’साठी ‘तोतया’ चालेल का?

प्रश्न : एत्सुको शिहोमी या जपानी अभिनेत्रीवर लेख लिहिते आहे. जन्म १९५५, ओकायामाकडची. अभिनेते सोनी चिबा यांच्या ‘जपान ॲक्शन क्लब’ या साहसदृश्यं शिकवणाऱ्या संस्थेत घडली. १९७३-७४ मध्ये ‘किकायडर ०१’ मालिकेतली मारी, आणि १९७४ मध्येच ‘ओन्ना हिस्सात्सु केन’ या कराटेपटाची नायिका. अवघड उड्या स्वतः मारण्याबद्दल तिची ख्याती. धोक्याच्या दृश्यात नटाऐवजी दुसरं माणूस उभं राहतं त्याला तिकडे ‘फुकिकाए’ म्हणतात. मराठीत ‘तोतया’ लिहू का?

उत्तर १ : तोतया नको, कृपा करून. पानिपतानंतर सदाशिवरावभाऊंचा तोतया निघाला, तो भाऊंचं नाव आणि मान बळकावायला. इथे तर उलट आहे. हाडं मोडून घेणारा वेगळा आणि टाळ्या घेणारा वेगळा. मुंबईच्या सेटवर ‘डमी’ किंवा ‘डुप्लिकेट’ म्हणतात, पण ‘डमी’ म्हटलं की मला दुकानातला पुतळा आठवतो. ‘बदली’ घ्या. गिरणीतल्या बदली कामगारासारखा.

प्रश्नकर्ती : ‘बदली’ म्हटलं की वाचकाला सरकारी नोकरी आठवेल ना?

उत्तर १ : नोकरीत बदली होते. इथे बदली येतो किंवा येते. क्रियापदच अर्थ सांगतं.

उत्तर २ : मूळ शब्दाबद्दल थोडं. फुकिकाए म्हणजे जुनी नाणी वितळवून नव्याने पाडणं. काबुकी या जपानच्या पारंपरिक नाट्यप्रकारात तोच शब्द नटाच्या जागी उभ्या राहणाऱ्यासाठी आला. आजच्या जपानी माणसाला मात्र तो ऐकून आधी आवाजाचं डबिंग आठवतं, म्हणून लेखात संदर्भ स्पष्ट ठेवा. १९८२ चा ‘कामाता कोशिनक्योकु’ हा चित्रपट जरूर पाहा. जिन्यावरून गडगडत पडायला तयार होणाऱ्या दुय्यम नटाची गोष्ट आहे, आणि शिहोमी त्यात स्वतःच्याच नावाने दिसते.

तलवारबाजीच्या दृश्यांसाठी ‘हाणामारी’ही लिहू नका. तिकडचा शब्द ‘ताते’. त्याच्या दोन चित्राक्षरांपैकी एक मारण्याचं, दुसरं सैन्याच्या मांडणीचं, म्हणजे आपल्या व्यूहाचं. पाऊल कुठे पडेल आणि पातं कुठे थांबेल, हे आधी ठरलेलं असतं. ते बसवणारा ‘तातेशी’. त्याला आपला ‘फाइट मास्टर’ अगदी चपखल बसतो.

प्रश्नकर्ती : मनापासून आभार. वाक्य असं केलं : ‘१९८७ मध्ये लग्नानंतर तिने पडदा सोडला. तोवर तिच्या उड्यांसाठी बदली क्वचितच लागली असेल.’

उत्तर १ : ‘असेल’ राहू द्या. प्रत्येक दृश्याची खात्री कोण देणार?