माद्रिद आणि आसपासची जुनी गावं : आईला घेऊन सहा रात्री, सल्ला हवा

सायली_ठाणे
नमस्कार मंडळी. मेच्या मध्यावर मी, नवरा आणि माझी आई स्पेनला जातोय. आई ६८ वर्षांची, शाकाहारी (अंडं चालतं), गुडघे कुरकुरतात. तिकिटं झाली, व्हिसा हातात आहे, त्यामुळे या दोन विषयांवर कृपया चर्चा नको. माद्रिदला उतरून माद्रिदहूनच परत. बार्सिलोना नाही. गाडी चालवणार नाही. राहण्याचं बजेट तिघांचं मिळून रात्रीला ११० युरो.
टोलेडो, सेगोविया, आविला, सालामांका यातली कुठली दोन करावीत? सगळं माद्रिदहून जाऊन-येऊन करावं की एखाद्या गावात मुक्काम टाकावा? आई भूगोलाची शिक्षिका होती, तिला चित्रांपेक्षा नद्या, डोंगर आणि दगडधोंडे जास्त आवडतात.

रानवाटा
बार्सिलोना न करता स्पेन? एवढे पैसे घालून परत कधी जाणार? हायस्पीड गाडीने अडीच-तीन तासांत पोचता. आम्ही बार्सिलोना, सेव्हिल, ग्रनाडा करून वर लिस्बनही उरकलं.

सायली_ठाणे
रानवाटा, धन्यवाद. पण बार्सिलोना नाही.

दादरकर_काका
गाडी घ्याच. सिनियर सिटिझनला घेऊन बस-रेल्वेची दगदग कशाला? आणि टोलेडोत राहायचं तर पारादोर या सरकारी हॉटेलमध्येच. नदीपलीकडे टेकडीवर आहे, बाल्कनीत चहा घेऊन बसलं की अख्खं गाव समोर. दोनशेच्या वर गेले, पण आयुष्यात एकदाच जातो माणूस.

कुमुदिनी
काका, तिने ११० लिहिलंय. :)
आणि या गावांत गाडी म्हणजे डोक्याला ताप. तटाच्या आतल्या गल्ल्यांत बाहेरच्यांच्या गाड्यांना बऱ्याच ठिकाणी मज्जाव असतो, माद्रिदच्या मध्यभागातही प्रदूषणाचे नियम आहेत. दंडाची चिठ्ठी घरी आल्यावर कळतं.

दादरकर_काका
आम्हाला नाही आला दंड.

मृद्गंध
कामाचं सांगते. टोलेडोची गाडी आतोचा स्टेशनहून सुटते, अर्ध्या तासात पोचवते. सेगोवियाची हायस्पीड गाडी सुटते चामार्तिनहून, तीही साधारण अर्धा तास. ही दोन स्टेशनं शहराच्या दोन टोकांना आहेत. आमचे मेहुणे सामान घेऊन ऐटीत आतोचाला जाऊन बसले आणि तिकडे चामार्तिनहून गाडी निघून गेली.
दुसरं म्हणजे सेगोवियाचं हायस्पीड स्टेशन गावाबाहेर माळावर आहे. तिथून ११ नंबरची बस थेट जलसेतूपाशी सोडते. नाहीतर माद्रिदच्या मोंक्लोआहून साधी बस घ्या. सव्वा तास लागतो, पण गावात उतरता, शिवाय स्वस्त.

सह्यकडा
+१. भूगोलवाल्या काकूंना सेगोवियाच दाखवा. रोमनांनी बांधलेला जलसेतू, सर्वांत उंच जागी २८ मीटर, आणि ग्रॅनाइटच्या चिऱ्यांमध्ये चुना नाही की काही नाही. नुसता वजनाच्या तोलावर उभा. जवळ जाऊन बघा, बऱ्याच चिऱ्यांना बाजूला छोटे खड्डे आहेत, उचलताना चिमटा धरायला ठेवलेले. पाणी ग्वादारामाच्या डोंगरातून पंधराएक किलोमीटरवरून यायचं. गावाच्या दुसऱ्या टोकाला दोन नद्यांच्या संगमावर सुळका आहे आणि त्यावर आल्काझार किल्ला. खालून बघितला तर जहाजाचं पुढचं टोक वाटतं. त्यातल्या हुआन दुसऱ्याच्या बुरुजाला १५२ पायऱ्या, तेवढा काकूंना वगळा.

बोरकर_पणजी
सेगोव्याक वचून कोचिनिल्यो खायनासतना येवप म्हळ्यार पाप! मराठीत सांगायचं तर दुधपितं डुकराचं पिल्लू. ताटलीच्या कडेने कापून दाखवतात, इतकं मऊ. त्यासाठी मुक्काम करावा लागला तरी करा.

मृद्गंध
आई शाकाहारी आहे हो.

बोरकर_पणजी
जावई तर आहे ना?

विद्युल्लता
शाकाहारावरून सांगते, हे लक्षात ठेवा. ‘मांस नको’ म्हटलं की हॅमचे तुकडे किंवा ट्यूना घातलेलं सॅलड समोर येतं, कारण त्यांच्या लेखी ते मांस नाहीच. ‘नि कार्ने, नि पेस्कादो, नि हामोन’ (मांस नको, मासे नकोत, हॅम नको) असं तिन्हींचं नाव घेऊन सांगायचं. तोर्तिया (बटाटा आणि अंड्याचं जाड ऑम्लेट), पातातास ब्राव्हास, पाद्रोनच्या मिरच्या, गाझपाचो (टोमॅटोचं थंड सूप) बिनधास्त. साल्मोरेखो (तसंच, पण दाट सूप) मागवाल तर वरचा हॅमचा भुगा नको म्हणून आधीच बजावा. डाळी-बीन्सचे पदार्थ दिसायला शाकाहारी असले तरी बहुतेकदा डुकराच्या मांसासोबत शिजवलेले असतात.
आणि जेवणाच्या वेळा! दुपारचं जेवण दोन ते चार, रात्रीचं नऊनंतर. मधल्या वेळात बरीचशी स्वयंपाकघरं बंद. साडेसातला जेवणाऱ्या आईला आम्ही तीन दिवस चुरोस आणि केळ्यांवर ठेवलं. दुपारी ‘मेनू देल दिआ’ घ्या, ठरलेल्या दरात पोटभर होतं आणि रात्री थोडक्यात भागतं.

दादरकर_काका
आम्ही तर नेहमी मेतकूट, खाकरे, राइस कुकर नेतो. कुठे अडत नाही.

निर्विकार
स्पेनला जाऊन मेतकूट-भात? मग ठाण्यातच बसा की, कौपीनेश्वराचं दर्शन फुकट होतं.

दादरकर_काका
तुमच्या वयाला ठीक आहे. पासष्टीनंतर बोलू.

मृद्गंध
खाण्यावरून भांडू नका. एक मात्र खरं : दूध आणि मांसाचे पदार्थ युरोपीय संघात बाहेरून नेता येत नाहीत. तूप, पेढे, खवा बॅगेत नको. खाकरे न्या.

गडकोट_प्रेमी
टोलेडो सोडूच नका. छत्रपतींची भवानी तलवार टोलेडोची होती, हे किती जणांना माहीत आहे? तिथल्या दुकानांत आजही तलवारी मिळतात. मी घेतली एक, चेक-इन बॅगेतून आणली.

निर्विकार
पुरावा? मराठ्यांच्या फिरंगी तलवारींना युरोपातून आलेली पाती असत, इथपर्यंत मान्य. पण भवानी टोलेडोची, हे कोणत्या अस्सल कागदात आहे ते सांगा. तुमची तलवार पर्यटकांसाठी केलेली शोभेची वस्तू आहे, तिने भेंडी कापून दाखवा.

गडकोट_प्रेमी
आमच्या अस्मितेची थट्टा करणाऱ्यांना उत्तर देत नाही.

कुमुदिनी
तलवारी म्यान करा. सायली, टोलेडोला तीन बाजूंनी ताहो नदीचा वेढा आहे, आईला मिरादोर देल व्हाये या जागेवरून तो दाखवच. चढाची काळजी नको. स्टेशनहून सोकोदोव्हेर चौकात थेट बस जाते आणि बिसाग्रा दरवाज्याजवळून वर चढायला सरकते जिने आहेत. पण आत गोट्यांचे रस्ते, चढ-उतार आणि दुपारी सहलींच्या बसमधून उतरलेली गर्दी, हे आहेच. कॅथेड्रलमध्ये मुख्य वेदीच्या मागे छताला भोक पाडून वरून उजेड घेतलाय, ते काम १७३२ चं. खाली उभं राहून मान वर केली की ढग, देवदूत आणि खरं ऊन यात कुठलं काय ते कळत नाही. सान्तो तोमे चर्चमध्ये एल ग्रेकोचं मोठं चित्र आहे, ज्या सरदाराच्या दफनाचं ते चित्र त्याच्याच थडग्यावर लावलेलं. आणि क्रिस्तो दे ला लूस ही विटांची छोटी मशीद, इसवी सन ९९९ ची. मुक्काम नको, सकाळी लवकर जाऊन संध्याकाळी परत या.

सह्यकडा
माझं उलट मत. या गावांत मुक्कामच करावा, सहाच्या बस गेल्या की गाव आपलं. सेगोवियात एक रात्र.

रानवाटा
सालामांकाही छान आहे. १२१८ चं विद्यापीठ, दारावरच्या कोरीवकामात कवटीवर बसलेला बेडूक शोधायचा. आमच्या मुलाने शोधला, मला शेवटपर्यंत दिसला नाही. पण दीड-पावणेदोन तास गाडीत, जाऊन-येऊन दमणूक होईल. त्यापेक्षा तेवढ्याच वेळात बार्सिलोना...

निर्विकार
😂

विद्युल्लता
आविला मात्र वगळा. अर्ध्या दिवसाचं काम. तट बघितला, फोटो काढला, झालं.

दादरकर_काका
सहमत. भिंत ती भिंत. आमच्याकडे काय कमी आहेत?

मृद्गंध
माद्रिदबद्दल कोणीच बोलत नाहीये. जुन्या मेट्रो स्टेशनांवर सगळीकडे लिफ्ट नाही, बुकिंगआधी जवळचं स्टेशन तपासा. गुडघ्यांना सिटी बस बरी, पायरी खाली असते आणि बाहेरचं दिसतं. दहा फेऱ्यांचं तिकीट एकाच ‘मुल्ती’ कार्डावर तिघांत चालतं, तीन कार्डं घेऊ नका. स्वस्त ‘ओस्ताल’ म्हणजे छोटी लॉजं जुन्या इमारतींत तिसऱ्या-चौथ्या मजल्यावर असतात, ‘आसेन्सोर’ म्हणजे लिफ्ट आहे का ते विचारूनच पैसे भरा. प्रादो संग्रहालय संध्याकाळी शेवटचे दोन तास फुकट असतं, पण रांग बघता आईला घेऊन तिकीट काढूनच जा, ६५ च्या पुढे सवलत आहे, पासपोर्ट जवळ ठेवा. पिकासोचं ‘गेर्निका’ हे चित्र रेइना सोफिया संग्रहालयात आहे आणि ते संग्रहालय मंगळवारी बंद.
१५ मे म्हणजे सान इसिद्रो, माद्रिदची सुट्टी. त्या आठवड्यात खोल्या महाग होतात, आत्ताच बुक करा.

बोरकर_पणजी
सान इसिद्रो म्हणजे बैलांची झुंजही. लास व्हेन्तासचं तिकीट काढा!

कुमुदिनी
नको नको. त्यापेक्षा मान्सानारेस नदीपलीकडच्या ‘प्रादेरा’ म्हणजे कुरणात जा. मंडळी पारंपरिक कपडे घालून रोस्कियास खात गवतावर बसलेली असतात. ‘तोन्ता’ म्हणजे साधी, ‘लिस्ता’ म्हणजे लिंबाच्या पाकातली. आईला कडबोळ्यांचे भाऊबंद वाटतील.

सायली_ठाणे
सगळ्यांचे मनापासून आभार! ठरलं एकदाचं. माद्रिदला तीन रात्री, लिफ्टवालं ओस्ताल, मृद्गंध ताई तुमची कृपा. आणि पुढच्या तीन रात्री आविला.
हो, आविलाच. आईने सगळा धागा वाचला. काकांची ‘भिंत ती भिंत’ प्रतिक्रिया वाचून म्हणाली, अडीच किलोमीटरचा अखंड तट, त्यावरून चालता येतं आणि कॅथेड्रलची मागची बाजू त्याच तटात चिणलेली, हे अर्ध्या दिवसाचं काम कसं? शिवाय तटाच्या आत स्वयंपाकघरासकट घर ८५ युरोला मिळालं. तिथून एक दिवस बसने सेगोविया, फेऱ्या मोजक्याच आहेत, वेळ बघून ठेवलीय. टोलेडो रद्द.

गडकोट_प्रेमी
टोलेडो रद्द???

विद्युल्लता
तीन रात्री आविलात करणार काय? १,१०० मीटरवर आहे, मेमध्येही संध्याकाळी गारठा असतो. स्वेटर न्या.

दादरकर_काका
स्वयंपाकघर आहे म्हणजे राइस कुकर न्या. मी म्हणत होतो.

सह्यकडा
सेगोवियाची परतीची शेवटची बस चुकवू नका, टॅक्सीला बजेट बसेल. बाकी काकूंना नमस्कार सांगा.

नव्याने_आले
छान धागा. आम्हीही ऑक्टोबरमध्ये पाच जण जातोय, बार्सिलोना धरून. व्हिसाची अपॉइंटमेंट मुंबईत किती दिवस आधी मिळते? विम्याचं कव्हर ३०,००० युरोचंच लागतं का?