शिकागोत बसून सारायेव्होचा वेढा लिहिता येतो का?

तिरफळ (धागाकर्ता)

मार्च २००२. कामाला दांडी मारून सकाळी टीव्हीपुढे बसलो होतो. 'लगान'ला ऑस्कर मिळणार, गोवारीकर स्टेजवर जाणार, अशी खात्री. मिळालं बोस्नियाच्या दानिस तानोविचच्या 'नो मॅन्स लँड'ला. बोस्निया हा शब्द मी पहिल्यांदा उच्चारला तो शिवी दिल्यासारखा. पुढे सिनेमा पाहिला. खंदकात एक जखमी सैनिक पडलाय, पाठीखाली सुरुंग, अंग हललं तर स्फोट. आणि शेजारी दोन शत्रू, ज्याच्या हातात बंदूक असेल तो दुसऱ्याकडून 'युद्ध तुम्हीच सुरू केलंत' हे वदवून घेतोय. राग तिथेच विरला. मग पुस्तकं सुरू झाली.

आता तक्रार. बोस्नियन युद्धाबद्दल काय वाचू असं कुणालाही विचारा, दोन नावं ठरलेली: अलेक्सांदर हेमोन आणि साशा स्टानिशिच. हेमोन १९९२ साली पाहुणा म्हणून अमेरिकेत होता, परतायच्या आत त्याच्या गावाला, म्हणजे बोस्नियाची राजधानी सारायेव्होला, बोस्नियन सर्ब सैन्याचा वेढा पडला, तो शिकागोतच राहिला आणि काही वर्षांत इंग्रजीत लिहू लागला. स्टानिशिच चौदा वर्षांचा असताना बोस्नियातल्या विशेग्रादहून जर्मनीला पळाला, लिहितो जर्मनमध्ये. दोघेही हुशार, भाषेवर जबरदस्त पकड. पण मला ती हुशारीच खुपते. प्रत्येक वाक्य वळून आपल्याकडे बघतं, 'जमलंय ना?' असं विचारतं.

सारायेव्होचा वेढा ५ एप्रिल १९९२ ला सुरू झाला आणि २९ फेब्रुवारी १९९६ ला उठला. १४२५ दिवस. त्या दिवसांत आत बसून ज्यांनी लिहिलं त्यांचं लेखन तुटक आहे, दोन-तीन पानांचं. सेमेझ्दिन मेहमेदिनोविचचं 'सारायेव्हो ब्लूज' घ्या. कविता, टिपणं, छोटे गद्य तुकडे, जमेल तसं. आल्मा लाझारेव्स्काच्या एका कथेत वेढ्यातल्या लोकांना परदेशातून प्रश्नावली येते, उत्तरं न्यूयॉर्कच्या संग्रहालयात मांडायची असतात. त्यात एक प्रश्न असा की तुम्हाला कसं मरण आवडेल? मला तर हेमोन-स्टानिशिच वाचताना कधी कधी वाटतं, आपण वाचक त्या प्रश्नावलीवालेच.

तर माझं मत: युद्धाचं खरं कथालेखन राहिलेल्यांचं. बाहेरच्यांनी त्याला पॉलिश केलं. बोला.

मधलीसुट्टी

हेमोनची 'अ कॉइन' वाचली आहे का तुम्ही? त्यात सारायेव्होतली आइदा शिकागोतल्या माणसाला पत्रं लिहिते. एका बिंदूपासून दुसऱ्या बिंदूपर्यंत रस्ता ओलांडायचा, मध्ये स्नायपर. कथेचा जीव मात्र रस्त्यात नाही, पत्रात आहे. पत्र लिहिलं गेलं त्या दिवशी ती जिवंत होती. तो वाचतोय त्या दिवशी आहे का, हे त्याला कळायला मार्गच नाही. ही भीती आत बसलेल्याला नसते. त्याला दुसरी असते. ज्याचं माणूस आत अडकलंय आणि स्वतः बाहेर आहे त्याचं युद्ध कोण लिहिणार? लाझारेव्स्का?

तिरफळ

वाचली आहे. भूमिती छान आहे, तीच अडचण. अ बिंदू, ब बिंदू. रस्त्यावर धावणाऱ्याला भूमिती सुचत नसते हो.

मधलीसुट्टी

सुचत नसते हे तुम्हाला कसं माहीत? तुम्ही कुठे धावलात?

उंबरठा

तिरफळ यांच्या वर्गवारीत मिल्येन्को येर्गोविच कुठे बसतो ते सांगा. जन्म सारायेव्होचा, १९६६. वेढ्याचं पहिलं वर्ष आत काढलं, १९९३ मध्ये क्रोएशियात, झाग्रेबला गेला, १९९४ ला 'सारायेव्हो मार्लबरो' आलं. राहिलेला की गेलेला? मेहमेदिनोविच, ज्याला तुम्ही आतल्यांचा मेरुमणी केलंत, तो वेढा उठल्यावर १९९६ मध्ये अमेरिकेत गेला. त्याचं 'मेमेद' हे पुस्तक अमेरिकेतल्या हार्ट अटॅकपासून सुरू होतं आणि पुढे बायकोच्या पक्षाघातावर येतं, तिची स्मृती जाते. युद्ध त्यात पानोपानी आहे, गोळी एकही नाही. ते पॉलिश का?

आणि वेढा म्हणजे फक्त सारायेव्हो, हे कुणी ठरवलं? फारुक शेहिच वायव्येकडचा, बिहाचचा. स्वतः सैन्यात लढला, जखमी झाला. त्याची 'ऊना नदीचं पुस्तक' ही कादंबरी २०११ ची. तिच्यात एक फकीर नायकाला संमोहित करतो आणि तो युद्धाच्या खाली गाडलेल्या बालपणात, नदीत उतरतो. पाणी, मासे, शेवाळ, काठावरची घरं. तुमच्या कसोटीने हा माणूस सगळ्यांत 'आतला', आणि त्याची भाषा सगळ्यांत झगमगीत. राहिलेला म्हणून कोरडा आणि गेलेला म्हणून गोड, हे गणित तिथे सपशेल चुकतं.

तिरफळ

शेहिचचा मुद्दा बिनतोड. मान्य. त्याला मी विसरलोच होतो, किंवा सोयीने विसरलो.

येर्गोविचला मात्र मी आतलाच धरतो. तो झाग्रेबला गेला तेव्हा तळघराचा वास अंगाला होता. त्याची निवडुंगाची गोष्ट घ्या: प्रेयसीने दिलेला निवडुंग, आणि युद्धातल्या थंडीत तो मरतो. संपलं. शेवटची ग्रंथालयाची गोष्ट तशीच. वियेच्नित्सा, म्हणजे तिथलं राष्ट्रीय ग्रंथालय, ऑगस्ट १९९२ मध्ये तोफांनी जाळलं. आपल्यातला कुणीही त्यावर उर बडवून वीस पानं लिहील. तो घराघरातल्या, लोकांच्या कपाटांतल्या पुस्तकांवर येतो. त्या हिवाळ्यांत लोकांनी फर्निचर, चपला-बूट, पुस्तकं, हाताला लागेल ते शेगडीत घातलं. माझ्या घरात दोन कपाटं आहेत. कुठलं आधी जाळीन याचा मी खरोखर विचार केला. (मासिकांचे दिवाळी अंक. बायकोने ताबडतोब अनुमोदन दिलं.)

कोकमसार

बाळबोध प्रश्न. पुस्तकाला सिगारेटचं नाव का?

उंबरठा

त्यात एक कबरी खणणारा आहे. तो एका अमेरिकन पत्रकाराला समजावतो की कंपनीने इथल्या लोकांच्या जिभेला रुचेल अशी वेगळी मार्लबरो सारायेव्होसाठी बनवली होती, म्हणून इतरांना ती आवडणार नाही. पत्रकाराला हवी असते मरणाची मुलाखत, हा तंबाखूवर घसरतो. वेढ्यातही तिथला सिगारेटचा कारखाना चालू होता. छापील वेष्टनं संपली तेव्हा हाताशी असेल त्या कागदात पाकिटं बांधायचे.

सिगारेट निघालीच आहे तर: आजच्या बोस्नियात पाकिटावर 'धूम्रपानाने मृत्यू होतो' हा इशारा तीन भाषांत असतो. बोस्नियन, क्रोएशियन, सर्बियन. पहिले दोन अक्षर न अक्षर सारखे, तिसरा तोच, फक्त लिपी सिरिलिक. येर्गोविच कुठल्या भाषेतला लेखक यावर भांडणाऱ्यांना हे पाकीट दाखवावं.

गडकरी_नाना

आपल्याकडे वेढा म्हटला की पन्हाळा. सिद्दी जौहर, १६६०, पावसाळी रात्र. वेढ्यातून निसटणारा राजा आपल्याला पळपुटा वाटत नाही, उलट निसटणं हाच पराक्रम. मग निसटलेल्या लेखकालाच का कमी लेखायचं? (जाता जाता: १९९२ मध्ये तिथे गेलेल्या संयुक्त राष्ट्रांच्या शांतिसेनेचे पहिले प्रमुख लेफ्टनंट जनरल सतीश नांबियार हे मराठा लाइट इन्फंट्रीचे. पहिलं मुख्यालय सारायेव्होतच होतं.)

तिरफळ

नाना, राजे निसटले, पण खिंड बाजीप्रभूंनी लढवली. माझा धागा त्यांच्या वतीने आहे.

गडकरी_नाना

बाजींनी लिहिलं कुठे? लिहिलं ते मागाहून इतरांनी. आणि सारायेव्होचे सामान्य लोकही निसटायलाच बघत होते. १९९३ मध्ये विमानतळाखालून सुमारे ८०० मीटरचा बोगदा खणला. त्यातून पीठ आत यायचं, माणसं बाहेर जायची. बाहेर गेलेल्यांना कुणी नावं ठेवली असतील तर ती नंतर, पोट भरल्यावर.

रानजाई

मी स्टानिशिचच्या बाजूने. मुळात विशेग्राद हे कादंबरीकार इव्हो आंद्रिचमुळे जगाला माहीत. द्रिना नदीवरचा तो दगडी पूल, १९४५ ची कादंबरी, १९६१ चं नोबेल. १९९२ मध्ये त्याच पुलावर बोश्नियाक (बोस्नियन मुस्लिम) लोकांना मारून नदीत टाकलं. त्या गावात आज थांबून हे लिहिणारा किती काळ टिकला असता? 'राहिलेल्यांनी लिहावं' हे सारायेव्होपुरतं शोभतं. जिथून एका धर्माची माणसंच संपवली किंवा हाकलली, तिथे राहिलंय कोण?

आणि अंतराचा फायदा बघा. २०१९ मध्ये स्टानिशिचला 'हेरकुन्फ्ट' या कादंबरीसाठी जर्मन पुस्तक पुरस्कार मिळाला. त्याच आठवड्यात ऑस्ट्रियन लेखक पेटर हांडकेला नोबेल जाहीर झालं होतं, ज्याने युद्धकाळातला सर्बियाचा नेता मिलोशेविच याच्या अंत्यविधीला भाषण केलं होतं. स्टानिशिचने आभाराच्या भाषणात ते सरळ काढलं: हांडके जे लिहीत नाही त्यातून मी सुदैवाने वाचलो म्हणून इथे उभा आहे, अशा अर्थाचं. जर्मन भाषेच्या घरात शिरून, जर्मनमध्ये. बोस्नियनमध्ये बोलला असता तर दुभाष्याने दोन ओळींत उरकलं असतं.

'हेरकुन्फ्ट'मधल्या आजीबद्दल स्वतंत्र धागा काढायला हवा. तिची आठवण पुसत चाललीय आणि नातू तिच्याच भरवशावर आपलं गाव गोळा करतोय. शेवट वाचकाने पानं निवडत वाचायचा, लहान मुलांच्या साहसकथांसारखा. तिरफळ म्हणतील चमकोगिरी. माझ्या आजोळी शेवटची दोन वर्षं अशीच गेली, रोज वेगळा शेवट. मला ते अजिबात चमकदार वाटलं नाही.

तिरफळ

भाषणाला सलाम. पण दार किती उघडायचं? कॅनडाच्या स्टीव्हन गॅलोवेने २००८ मध्ये सारायेव्होच्या चेलोवादकावर कादंबरी लिहिली. मे १९९२ मध्ये पावाच्या रांगेवर तोफगोळे पडले, त्यानंतर वेद्रान स्माइलोविच २२ दिवस उघड्यावर चेलो वाजवत राहिला, त्यावरून. पुस्तक जगभर खपलं. स्माइलोविच भडकला, मला न विचारता माझं आयुष्य वापरलं म्हणून. पुस्तकगटांत बोस्निया म्हणून आधी हेच सुचवलं जातं. उद्या तुम्ही त्यालाही 'अंतराचा फायदा' म्हणाल.

मधलीसुट्टी

नाही म्हणणार. हेमोनचे आईवडीलही निर्वासित होऊन कॅनडात गेले. गॅलोवेचं काय गेलं? एकाने घर गमावलं आणि दुसऱ्याने विषय कमावला. दोघांना 'बाहेरचे' या एकाच पिशवीत तुम्ही कोंबलंत, आम्ही नाही.

आकडाही बघा जरा. १९९१ च्या जनगणनेत देशाची लोकसंख्या सुमारे ४४ लाख. युद्धात घर सोडावं लागलेले २० लाखांहून जास्त. घर सुटणं हाच तिथला सर्वसाधारण अनुभव आहे, तळटीप नाही.

शिवाय लाझारेव्स्का असो, शेहिच असो, तुम्ही वाचलंत कशातून? इंग्रजीतूनच ना? हेमोनने इंग्रजीत लिहिलं तर पॉलिश, आणि बाकीच्यांचं अनुवादकाने केलं तर सोवळं?

तिरफळ

हे लागलं. सेलिया हॉक्सवर्थच्या अनुवादातून वाचली लाझारेव्स्का. तिचा कोरडेपणा किती तिचा आणि किती हॉक्सवर्थबाईंचा, मी सांगू शकत नाही.

तरी एक उरतंच. निवड करणारे बाहेरचे आहेत. ज्याचं पुस्तक न्यूयॉर्क-बर्लिनला भावतं ते माझ्यापर्यंत येतं, बाकीचं पोचत नाही. लेखकांवरचा राग मी मागे घेतो, या निवडीवरचा नाही.

कोकमसार

मग सुरुवात कशाने करू? एक नाव सांगा, भांडू नका.

उंबरठा

येर्गोविच. कथा छोट्या आहेत, लोकलमध्ये होतात.

मिसिसिपीकाठ

उशिरा आलो. मी सेंट लुईसला राहतो. युद्धानंतर हजारो बोस्नियन इथे आले, बेव्हो मिल भागात त्यांच्या बेकऱ्या, कॉफीची दुकानं आहेत. आमच्या शेजारच्या काकू बोस्नियातल्या प्रियेदोरकडच्या. त्यांच्याकडे कॉफी प्यायला गेलं की तास-दीड तास जातो, उठू देत नाहीत. युद्धावर एक शब्द बोलत नाहीत, मीही विचारत नाही.

मागच्या वर्षी आगाऊपणा करून हेमोनचा पहिला कथासंग्रह त्यांना दिला. दोन महिन्यांनी परत आला. वाचलं का विचारलं तर म्हणाल्या, थोडंसं. त्यात प्रोनेक नावाचा सारायेव्होचा मुलगा शिकागोत सँडविचच्या दुकानात कामाला असतो. रोमेन लेट्यूस हवं होतं, आइसबर्ग का घातलंस म्हणून गिऱ्हाईक त्याच्यावर तडकतं. घरी शहर जळतंय आणि इथे पानांवरून भांडण. काकू आल्या आल्या सहा वर्षं एका कॅन्टीनच्या स्वयंपाकघरात होत्या. ते पान सांगताना इतक्या हसल्या की कॉफी सांडली.

मग म्हणाल्या, तेवढ्या पानांची झेरॉक्स काढून दे, मुलीला द्यायची आहे. मुलगी इथे जन्मलेली. घरात बोस्नियन बोलते, वाचते मात्र फक्त इंग्रजी.

तिरफळ

पान कितवं हो?