'अन्वीरा' की 'अन्विरा'? दोघांच्या नावांतून केलेल्या नावाचा खरा अर्थ काय?

रानजाई:
नमस्कार मंडळी, इतके दिवस नुसती वाचत होते, आज पहिल्यांदा लिहितेय. आम्हाला १७ दिवसांपूर्वी मुलगी झाली. बाराव्या दिवशी बारसं करायचं ठरलं होतं पण बाळाला कावीळ निघाली, तीन दिवस त्या निळ्या लाइटखाली ठेवावं लागलं, त्यामुळे आता बारसं सव्वा महिन्यानंतर. बाळ एकदम छान आहे आता.

तर प्रश्न नावाचा. आम्हा दोघांची पूर्ण नावं इथे देत नाही, पण माझ्या नावाची सुरुवात 'अन्' ने होते आणि ह्याच्या नावात 'वीर' आहे, म्हणून सातव्या महिन्यातच आम्ही 'अन्वीरा' असं ठरवून टाकलं होतं. पोटात असताना मी तिच्याशी याच नावाने बोलायचे. परवा घरी सगळे जमलेले असताना नाव सांगितलं आणि माझे चुलत सासरे (त्यांना संस्कृतची फार आवड आहे) म्हणाले, अगं अन् म्हणजे नाही ना, अनर्थ, अनादर, अनिच्छा, तसं अन्वीरा म्हणजे जिच्यात वीरपणा नाही ती. ते वाईट हेतूने नाही बोलले, काळजीनेच बोलले, पण तेव्हापासून माझ्या डोक्यातून ते जात नाहीये, रात्री दूध पाजताना तेच आठवतं. नेटवर बघितलं तर एका ठिकाणी देवीचं नाव लिहिलंय, दुसरीकडे शूर राजकन्या, तिसरीकडे ज्ञान, कशावर विश्वास ठेवायचा कळेना.

मला एवढंच सांगा, याचा खरंच तसा वाईट अर्थ होतो का? वि ऱ्हस्व लिहायचा का दीर्घ? आणि हॉस्पिटलमधून सारखा फोन येतोय की जन्मनोंदणीसाठी २१ दिवसांच्या आत नाव कळवा, म्हणजे माझ्याकडे चारच दिवस उरलेत का?

पिहूचीमावशी:
अभिनंदन गं! किती गोड नाव आहे. माझ्या मते अर्थाचा एवढा विचारच करू नकोस, आईबाबा दोघं त्यात आहेत हाच अर्थ. आमच्या पिहूच्या नावाचा अर्थ आजवर कुणी विचारला नाही. आणि बाळंतिणीने रात्री असले विचार करू नयेत, झोप मिळेल तेवढी घे.

संस्कृतवाली:
रानजाई, आधी अभिनंदन आणि आधी हे वाच: 'अन्वीरा'चा अर्थ 'वीर नसलेली' असा होत नाही. काकांचं अर्धं बरोबर आहे. नकाराचा 'अन्' असतो, पण तो फक्त स्वराच्या आधी येतो. त्यांनीच दिलेली उदाहरणं बघ ना, अन् + अर्थ, अन् + आदर, अन् + इच्छा, पुढे सगळीकडे स्वर आहे. पुढे व्यंजन असलं की नुसता 'अ' लागतो, अशक्य, अज्ञान, अविचार. आता 'वीरा' मधे सुरुवातीला व आहे, व्यंजन, म्हणजे नकार करायचा असता तर शब्द 'अवीरा' झाला असता. आणि तो शब्द आहे, अमरकोश या जुन्या संस्कृत शब्दकोशात 'अवीरा निष्पतिसुता' असं दिलंय, म्हणजे नवरा आणि मुलगा दोन्ही नसलेली बाई. त्यामुळे कुणी सोपं पडतं म्हणून 'अवीरा' कर असं सुचवलं तर ते मात्र करू नकोस, तुझ्या नावात तो न् आहे तो राहू दे, तो न् च तुझ्या नावाला या अर्थापासून लांब ठेवतो.

पिहूच्या मावशी, तुमचं प्रेम समजतं पण अर्थाचा विचारच करू नको हे मला नाही पटत. हाक आयुष्यभर त्या पोरीला मारली जाणार आहे, शाळेत पहिल्याच आठवड्यात बाई विचारतात नावाचा अर्थ काय, तेव्हा तिच्याकडे खरं उत्तर असावं.

आता नेटवरचे अर्थ. 'देवीचं नाव' हे 'अन्वी' या नावावरून उचललेलं दिसतंय, बऱ्याच याद्यांमधे अन्वी म्हणजे देवी असं छापलेलं असतं. संस्कृतात मला माहीत असलेला शब्द आहे तो 'अण्वी', बाणातल्या ण चा, अणु या शब्दाचं स्त्रीलिंगी रूप, म्हणजे बारीक, नाजूक. ऋग्वेदाच्या पहिल्या मंडलातल्या तिसऱ्या सूक्तात सोम गाळणाऱ्या बोटांना अण्वी म्हटलंय. नाजूक म्हणजे बोटं! तान्ह्या बाळाची बोटं बघितली की मला तो शब्द आठवतोच. पण तो ण आहे आणि तुझा न, त्यामुळे ते तुझ्या नावाला चिकटवणं बरोबर नाही.

आणि आता मला सगळ्यात आवडलेली गोष्ट, तुझा ऱ्हस्व-दीर्घचा प्रश्न वाचला आणि मी वहीच काढली. ऱ्हस्व वि लिहिलास ना, अन्विरा, तर तो सरळ संधी होतो: अनु + इरा. उ च्या पुढे वेगळा स्वर आला की उ चा व् होतो, सु + आगत स्वागत, अनु + एषण अन्वेषण, मनु + अंतर मन्वंतर, तसंच अनु + इरा = अन्विरा. अनु म्हणजे मागोमाग, सोबत, काठाने. आणि इरा म्हणजे... थांब, बाळाने दूध... नाही, माझं नाही, लेकीचं बाळ उठलंय, संध्याकाळी लिहिते.

रानजाई:
काकू वाट बघतेय!! अहो मी हे वाचून ह्याला झोपेतून उठवलं. आम्ही तर नुसते दोन तुकडे जोडले होते.

ओवी_नि_मी:
जन्मनोंदणीचं सांगते कारण माझ्या दोन्ही मुलांच्या वेळी हा घोळ झाला होता. २१ दिवस आहेत ते *जन्माची* नोंद करायला, नाव द्यायला नाहीत. जन्मनोंदणीच्या १९६९ च्या कायद्यात नावाशिवाय नोंद करायची सोय आहे. त्या नोंदीपासून १२ महिन्यांच्या आत नाव कळवलं तर त्याचे पैसे लागत नाहीत आणि त्यानंतरही लेट फी भरून १५ वर्षांपर्यंत नाव घालता येतं. हॉस्पिटलवाले त्यांचा फॉर्म पूर्ण व्हावा म्हणून मागे लागतात, त्यांना सांग नावाचा रकाना रिकामा ठेवा. एकदा घातलेलं नाव बदलायला गेलं की मग अर्ज, प्रतिज्ञापत्र, हेलपाटे. तेव्हा घाई करू नकोस. माझ्या धाकट्याच्या वेळी आम्ही घाईत फोनवर नाव सांगितलं, त्यांनी ऐकलं तसं लिहिलं, वेलांटी चुकली आणि ती दुरुस्त करायला आठ महिने गेले.

आणि अजून एक, दाखल्यावर नाव मराठी आणि इंग्रजी दोन्हीत असतं, दोन्ही स्वतःच्या हाताने मोठ्या अक्षरात लिहून दे, फोनवर तर मुळीच सांगू नकोस.

कृष्णाकाठ:
मी कराडकडची. नावाच्या अर्थाने काय फरक पडतो असं वर आलंय म्हणून राहवलं नाही. आमच्या शाळेत दोन नकुसा होत्या. लागोपाठ मुली झाल्या की शेवटच्या मुलीचं नाव नकोशी किंवा नकुसा ठेवायचे, म्हणजे पुढे तरी मुलगा होईल. त्यातली एक माझ्या बाकावर बसायची, हुशार होती, हस्ताक्षर इतकं सुंदर, पण हजेरीला बाई नाव घ्यायच्या तेव्हा ती 'हजर' इतकं हळू म्हणायची की कधी कधी तिची गैरहजेरी लागायची. २०११ च्या ऑक्टोबरमधे सातारा जिल्ह्यात अशा २८५ मुलींची नावं समारंभ करून बदलली होती, मुलींनी आपापली नवी नावं निवडली. पेपरात वाचलं तेव्हा मी माझ्या बाकावरच्या तिला शोधायला म्हणून दोन-तीन जणींना फोन केले, नाही लागला पत्ता, ती तेव्हा लग्न होऊन कुठेतरी गेलेली असणार.

म्हणून सांगते रानजाई, तू पोटात असल्यापासून त्या नावाने तिच्याशी बोललीस यातच त्या नावाची सगळी किंमत आहे. पण अर्थही नीट बघून ठेव, ते काही फॅड नाही.

संस्कृतवाली:
आले. कृष्णाकाठ, तुमचं वाचून घशाशी आलं.

तर इरा. अमरकोशात एका ओळीत चार अर्थ दिलेत, 'इरा भूवाक्सुराप्सु स्यात्', भूमी, वाणी, सुरा आणि पाणी. हो, सुरा म्हणजे मद्यच, ते लपवत नाही, कारण उद्या काकांनी कोश उघडला तर त्यांना ते दिसणारच. मूळ अर्थ पेय, तजेला देणारं रसाळ काहीतरी असा आहे, त्यातून पाणी आणि मद्य दोन्ही आले. विष्णुपुराणात इरा ही कश्यपाची बायको आहे आणि झाडं, वेली, गवत ही तिची संतती. आणि इरावती म्हणजे पाण्याने भरलेली. आपली रावी नदी म्हणजे इरावती, ब्रह्मदेशातली मोठी नदीही इरावती. इरावती कर्वे १९०५ साली ब्रह्मदेशात जन्मल्या आणि त्या नदीवरूनच त्यांचं नाव ठेवलं. म्हणजे ज्या बाईंनी पुढे आपल्या माणसांबद्दल इतकं लिहिलं, त्यांच्या नावातही हीच इरा आहे, मला हे फार सुंदर वाटतं.

आता जोडून बघ. अनु + इरा, वाणीच्या मागोमाग जाणारी, किंवा पाण्याच्या काठाकाठाने जाणारी. काठाने हा अर्थ मी ओढूनताणून आणत नाहीये, काशी गंगेकाठी लांबवर पसरलीय हे सांगायला संस्कृतात 'अनुगंगं वाराणसी' असं म्हणतात, त्यात हाच अनु.

एक स्पष्ट सांगते, अन्विरा हे जुनं नाव नाही, कुठल्या पुराणात या नावाची कुणी नाही, आणि कुणी तसं सांगितलं तर मानू नकोस. शब्द तुम्ही केलात, नवीन केलात. पण तो व्याकरणात बसतो, हे सगळ्याच नव्या नावांचं होत नाही. हल्ली शिवांशी, रियांशी अशी ढीगभर नावं ठेवतात, त्यातलं 'अंशी' स्त्रीलिंगी समजून लावतात, पण अंशिन् चं पुल्लिंगी रूप अंशी आणि स्त्रीलिंगी अंशिनी. ज्यांनी ठेवलीत त्यांची मुलं गोडच आहेत, नाव हाकेने आपलं होतं, पण विचारलंस म्हणून फरक सांगितला.

रानजाई:
काकू काय लिहू, डोळ्यांत पाणी आलं. एकच शंका, ऱ्हस्व केला तर ह्याच्या नावातला 'वीर' गेला ना? ह्याला जरा वाईट वाटतंय. दीर्घ ठेवला तर काहीच अर्थ नाही का लागत?

संस्कृतवाली:
लागतो ना. दीर्घ ठेवलास तर ईर् हा धातू घेता येतो, हलणं, पुढे ढकलणं. समीर म्हणजे वारा त्यातलाच, प्र + ईरणा प्रेरणा तीही त्यातलीच. अनु + ईर, अन्वीर, मागोमाग वाहत येणारा, त्याचं अन्वीरा. चुकीचं नाही, पण समजावून सांगायला लांबतं. आणि मराठी जिभेचं बघ, शेवटचं अक्षर दीर्घ असलं की आपण त्याच्या आधीचं आपोआप आखूड बोलतो, इंदिरा, रुचिरा, मंदिरा. तू दीर्घ लिहिलंस तरी आजी अंगणातून हाक मारेल ती अन्विरा अशीच. मी तरी ऱ्हस्व घेतला असता. ह्यांना सांग की कागदावर वेलांटी बदलली तरी कानाला 'विर' ऐकू येतंच आहे, बापाचं नाव हाकेत राहिलंच.

हडसनकाठचा_मराठी:
इंग्रजी स्पेलिंगचं राहिलं म्हणून लिहितो, आम्ही न्यू जर्सीत असतो. ए एन व्ही आय आर ए एवढं साधं ठेवा. मधे डबल ई घालून दीर्घ दाखवायचा मोह होतो, पण मग आधार, शाळा, पासपोर्ट तीन ठिकाणी तीन स्पेलिंगं होतात, माझ्या पुतणीचं झालंय. इकडचे लोक बहुतेक 'अनवायरा' म्हणतील, आमच्या लेकीच्या नावाचंही असंच व्हायचं, ती चार वर्षांची असल्यापासून शांतपणे दुरुस्त करते आणि लोक शिकतात. वहिनी, नाव फार छान आहे.

पिहूचीमावशी:
मान्य, मी घाईत बोलले. कृष्णाकाठ यांचं वाचून मी पण विचारात पडले. आज ताईला फोन करून पिहू नाव कुठून आलं ते विचारणार आहे.

रानजाई:
सगळ्यांना सांगायला आलेय. काल चुलत सासरे आले होते, त्यांना काकूंचं सगळं वाचून दाखवलं. ते ऐकत ऐकत मधेच म्हणाले, 'इको यणचि! अगं, उ चा व् होतो ते पाणिनीचं हे सूत्र मी शाळेत पाठ केलेलं, कसं सुचलं नाही.' मग त्यांनी स्वतः बाळाला मांडीवर घेतलं आणि अन्विरा, अन्विरा म्हणत बसले बराच वेळ, म्हणाले, मी तिला पाण्याकाठची असंच सांगणार. आमच्या घरामागून गोदावरीचा कालवा जातो, त्यामुळे ते सगळ्यांनाच पटलं. ह्याला पण पटलं, ऱ्हस्व वि फायनल. हॉस्पिटलमधे नावाचा रकाना रिकामा ठेवायला सांगितलं, आधी कुरकुर केली पण ठेवला, बारसं झालं की मी स्वतः जाऊन लिहून देणार आहे.

आता आत्याबाई कानात नाव सांगणार आणि सासूबाईंना पाळणा म्हणायचाय, त्यांना येणारे सगळे पाळणे कृष्णाचे नाहीतर रामाचे आहेत. अन्विरा बसेल अशा दोन ओळी कुणाला सुचल्या तर टाका ना, अजून तीन आठवडे आहेत.