'ब्लेड बेट'ला मराठीत काय म्हणावं?

शब्दवेडी :
नाशिक परिसरातल्या हौशी मासेमारांसाठी मराठी माहितीपत्रक करतेय. शिवडा, शिंगाळा असे शिकारी मासे धरायला दोरीला धातूचा चपटा तुकडा बांधतात. ओढला की तो पाण्यात थरथरतो. दुकानात 'ब्लेड बेट' म्हणूनच मिळतो. 'कंपन पावणारे धातूचे आमिष' लिहिलं तर वाचणारा तिथेच पान मिटेल. शिवाय आमिष म्हणजे मुळात मांस, सामिष-निरामिष त्यातूनच आले. पितळेच्या तुकड्याला आमिष कसं म्हणायचं?

दारणाकाठ :
आमिष चूक नाही. संस्कृतातच तो शब्द मांसावरून भुलवण्याच्या वस्तूपर्यंत पोचला होता, आणि 'नोकरीचं आमिष दाखवून फसवणूक' वाचताना आज कुणालाही मांस आठवत नाही. पण शब्द फार ऐसपैस आहे. गांडूळ, कणकेची गोळी यांना 'खाद्य' म्हणा आणि या तुकड्याला सरळ 'पातं'. पंख्याचं पातं, करवतीचं पातं, तसंच हे.

मासे भुलवायच्या बाकीच्या वस्तूंनाही त्यांच्या चालीवरून नावं द्या, मराठीत त्यासाठी क्रियापदं तयारच आहेत. चमचा हेलकावतो. फिरकी गरगरते. पातं थरथरतं. पोटात छर्रे भरलेला प्लास्टिकचा मासा मिळतो, तो खुळखुळा. वाचणाऱ्याला दुकानात गेल्यावर चौघांतला फरक हातात घेऊन कळेल.

'कंपन' मात्र नकोच. तो पुस्तकातला शब्द. माशाच्या अंगावर दोन्ही बाजूंनी पार्श्वरेषा असते, तिला पाण्यातली हालचाल जाणवते, म्हणून गढूळ पाण्यातही पातं चालतं. आणि तीच थरथर काठीतून आपल्या तळहातालाही जाणवते. ती अचानक बंद पडली तर पात्याला गवत अडकलंय किंवा दोरी गळात गुंतलीय. वर घ्या, साफ करा, पुन्हा टाका. साधी नायलॉन दोरी ताणली जाते आणि ही खूण गिळून टाकते. म्हणून वेणीची दोरी, शिवड्याच्या पाण्यात १० किलो ताणाची, आणि पुढे, पात्याच्या बाजूला, मीटरभर जाड फ्लुरोकार्बनची (एक प्रकारच्या प्लास्टिकची) दोरी.

शब्दवेडी :
पातं ठरलं. आता कृती. पातं तळाला टेकल्यावर काठीला 'झटका' द्यायचा की 'हिसका'?

दारणाकाठ :
दोन्ही नाही. 'उचल'. काठी वीतभर, फार तर हातभर उचलायची. थरथर हाताला लागली की उचल पुरे, मग पातं परत खाली जाऊ द्यायचं. झटका दिला की पातं उडतं, उलटं पडतं आणि पुढचा गळ दोरीलाच अडकतो. नव्या माणसाची निम्मी फेक यातच वाया जाते. हिसका हा शब्द मासा लागल्यावरच्या क्षणासाठी राखून ठेवा.

खाली सोडतानाचा शब्द येवल्याच्या पतंगांकडून घ्या : ढील. पण पूर्ण ढील नाही. दोरी जेमतेम ताठ राहील इतकीच, कारण मासा बहुतेक वेळा पातं खाली जातानाच तोंड घालतो. दोरी लोंबत असेल तर ते कळतच नाही.

सातपूर_पत्रेकाम :
भागांची नावं मी देतो. पात्याचा 'पत्रा', वरच्या कडेची 'भोकं', नाकापासून पोटापर्यंतचं 'शिसं', खाली दोन 'गळ', आणि गळ अडकवायची 'दुहेरी कडी', किल्ल्यांना असते तशी.

पितळी पत्रा १ मिमी जाड, ५० मिमी लांब, मध्ये १८ मिमी रुंद. माशाच्या आकारात कापल्यावर साडेपाच-सहा ग्रॅम भरतो. त्यावर ६ ग्रॅम शिसं, म्हणजे एकूण १२ च्या आसपास. शिसं दोन्ही बाजूंना अगदी सारखं हवं. एका बाजूला जास्त झालं तर पातं सरळ न येता कडेला पळतं किंवा गोल फिरून दोरीला पीळ घालतं. पत्रा वाकला तरी तेच होतं. शिसं वितळवायचं ते उघड्यावर, घरात कधीच नाही.

पाठीवर २ मिमीची तीन भोकं, ५-५ मिमी अंतरावर. पुढच्या भोकात बारीक आणि जलद थरथर, मागच्या भोकात रुंद आणि जोरकस. दोरी थेट भोकात बांधू नका, पत्र्याची कड ती कापते. कानशीने कड मारली तरी मध्ये छोटा स्नॅप (उघडझाप होणारी तारेची कडी) हवाच. फिरती कडी असलेला जड स्नॅप लावला तर थरथर मरते.

शब्दवेडी :
मरळीसाठीही हेच लिहू?

दारणाकाठ :
नाही. मरळ गवतात, पाणवेलीत बसते, तिथे उघडे गळ पहिल्याच फेकीला अडकतील. पातं मोकळ्या, खोल पाण्याचं. हेही ठळक छापा की धरणांवर मासेमारीचा ठेका असतो, तिथल्या संस्थेची परवानगी आधी घ्यायची. नांदूरमध्यमेश्वर अभयारण्य आहे, तिथे गळ नेऊच नका.

आणि मसुद्यात 'पाण्यात गळ घातली' असं आलं असेल तर बदला. माशाचा गळ पुल्लिंगी : गळ टाकला, गळ अडकला. 'गळ घातली' हा स्त्रीलिंगी गळ वेगळा, तो विनवणीचा.

शब्दवेडी :
दोन ठिकाणी तसंच आलं होतं. बदललं.