'शुद्धपंथी' लिहावे, की 'कॅथर'?

प्रश्न : बाराव्या-तेराव्या शतकांत दक्षिण फ्रान्समध्ये पसरलेल्या द्वैतवादी ख्रिस्ती पंथावरील लेखाचे मी भाषांतर करते आहे. ग्रीक 'काथारोस' म्हणजे शुद्ध, म्हणून मी 'शुद्धपंथी' लिहिले; संपादकांनी ते खोडून 'कॅथर' केले. आपले मत काय?

प्रतिसाद : संपादकांचेच योग्य आहे. ऱ्हाइनकाठच्या एकबर्ट या मठवासीयाने 1163च्या सुमारास या पंथाविरुद्धच्या प्रवचनांत 'कॅथर' हे नाव वापरले. दक्षिण फ्रान्समधील लांगदॉक प्रांतात मात्र या पंथाचे साधक 'भले लोक' किंवा 'भले ख्रिस्ती' म्हणून ओळखले जात. 'शुद्धपंथी' वाचून ती त्यांनी स्वतः मिरवलेली पदवी वाटेल.

प्रतिसाद : व्युत्पत्तीही एकच नाही. बाराव्या शतकातील फ्रेंच धर्मपंडित आलां द लील याने, इतर अर्थांबरोबर, लॅटिन 'कातुस' म्हणजे मांजर या शब्दाशी हे नाव जोडले, कारण सैतान मांजराच्या रूपात येतो आणि हे लोक त्याच्या पार्श्वभागाचे चुंबन घेतात, असा आरोप होता. पाखंड्यासाठीचा जर्मन शब्द 'केट्झर' याच नावातून आला, असे मानतात. आपल्याकडेही 'महानुभाव'चे 'मानभाव' झाले आणि 'मानभावी' म्हणजे ढोंगी ठरला. अर्थाने जवळचा म्हणून 'भले लोक'साठी 'महानुभाव'च का घेऊ नये?

प्रतिसाद : कृपया तसे करू नये. महानुभाव हा आजही नांदता पंथ आहे, आणि त्याचे तत्त्वज्ञान जीव, देवता, प्रपंच व परमेश्वर हे चार नित्य पदार्थ मानते. दृश्य जग दुष्ट शक्तीने घडवले आणि आत्मा देहात कोंडला गेला, ही कॅथरांची धारणा त्याहून अगदी वेगळी आहे. खरे तर 'द्वैतवादी' या शब्दानेही आपल्या वाचकाला मध्वाचार्यच आठवतील. तिथे 'द्वितत्त्ववादी' लिहावे.

प्रतिसाद : 'द्वितत्त्ववादी' कोशात शोभेल, वाक्यात अडखळेल, 'द्वैतवादी' रुळलेला आहे, पहिल्या परिच्छेदात एक खुलासा पुरे. विशेषनामांचे भाषांतर मात्र मलाही धोक्याचे वाटते. दहाव्या शतकातील बल्गेरियाच्या 'बोगोमिल' या अशाच द्वैतवादी पंथाचे नाव 'देवाला प्रिय' अशा अर्थाचे आहे. त्याचे 'देवानांप्रिय' केले, तर अशोकाचे बिरुद आठवेल, आणि संस्कृत जाणणाऱ्याला त्याचा 'मूर्ख' हा अर्थही.

प्रतिसाद : बल्गेरियाचा विषय निघालाच आहे, तर फ्रेंच 'बूग्र' ही शिवी मुळात 'बल्गेरियन' या अर्थाचीच, आणि ती पाखंड्यांसाठी वापरली जाई. राहिला संपादकांचा 'कॅथर': तो इंग्रजी वळणाचा उच्चार आहे. फ्रेंच माणूस 'कातार' म्हणतो, आणि लेख फ्रान्सवरचा असेल तर मी तेच लिहीन.

प्रतिसाद : 'कातार' वाचून आखातातला देश डोळ्यांपुढे येईल, त्याचे काय?